एडिटिंगसाठी मुंबईला जाऊ का, की इथंच लग्नाचे व्हिडिओ कापत बसू?

उद्यमनगरचा पोरगा

नमस्कार मंडळी. वय 24, बी.कॉम. गेली 3 वर्षं राजारामपुरीत एका फोटो स्टुडिओत लग्नाचे व्हिडिओ एडिट करतोय. सीझनला महिन्याला 8-10 लग्नं होतात. हळद, अक्षता, वरात, ड्रोनवरून रंकाळा, आणि पाठवणीत नवरीनं डोळे पुसले की तिथं स्लो मोशन. आता हे झोपेतसुद्धा जमतं. त्याचंच भ्या वाटायला लागलंय.

मागच्या महिन्यात मित्राबरोबर मोरेवाडीला चित्रनगरीत एका मालिकेचं शूटिंग बघायला गेलो होतो. तिथं कार्डावरून डेटा उतरवून घेणाऱ्या पोराशी ओळख झाली. त्याच्या ओळखीनं अंधेरीतल्या एका एडिटरकडं असिस्टंटची जागा आहे म्हणतात. पगार 15 हजार, राहायचं आपलं आपण. इथं सीझनला 25 पडतात, वर आईच्या हातचं जेवण.

वडिलांचं उद्यमनगरात लेथचं वर्कशॉप आहे. त्यांचं म्हणणं, "पिक्चरमधी जायचं तर हिरो हो, न्हाईतर डायरेक्टर हो. ह्ये कापाकापीचं काम कुणाला दिसतंय?" मला उत्तर देता आलं नाही. मलाच कुणी 5 एडिटरांची नावं विचारली असती तर दोनावर अडकलो असतो.

तर जावं का? आणि असिस्टंट एडिटर दिवसभर करतो तरी काय? नेटवर सगळे सॉफ्टवेअरच शिकवतात, कामाचं कुणी सांगत नाही.

मिसळप्रेमी

जा भावा. तिकडं मिसळ गोड मिळेल, तेवढी मनाची तयारी ठेव.

गडहिंग्लजकर

माझा स्वतःचा व्हिडिओचा धंदा आहे, 14 वर्षं झाली. स्पष्ट सांगतो, जाऊ नकोस. मुंबईला गेलेली 2 पोरं परत येऊन माझ्याकडंच कामाला आहेत. इथं लग्नं थांबत नाहीत आणि निम्मा ॲडव्हान्स आधी हातात येतो. ज्या धंद्यात ॲडव्हान्स मिळतो तो सोडू नये.

कात्रीवाले काका

तुझ्यापेक्षा तुझ्या वडिलांचा प्रश्न मला आवडला. माझ्या वडिलांनीही हेच विचारलं होतं, मागंपुढं दोन शिव्या लावून.

मी मंगळवार पेठेतला, वय 66. वडील टॉकीजमध्ये ऑपरेटर होते. रीळ तुटलं की जोड मारताना उरलेले तुकडे घरी आणायचे, ते दिव्यासमोर धरून बघत आम्ही भावंडं वाढलो. 1979 ला जयप्रभा स्टुडिओत एका मराठी चित्रपटाचं शूटिंग चाललं होतं, तिथं मी वरकामाला लागलो. शूटिंग कोल्हापुरात, पण निगेटिव्ह धुवायची लॅब मुंबईत. त्यामुळं शूट झालेल्या निगेटिव्हचे चिकटपट्टी मारलेले डबे घेऊन रात्रीच्या महालक्ष्मी एक्सप्रेसनं कुणीतरी जायला लागायचं. ते कुणीतरी म्हणजे मी. डबे मांडीवर घ्यायचे, झोपायचं नाही, आणि कुणी "उघडून दाखव" म्हटलं तर जीव गेला तरी उघडायचे नाहीत. उजेड लागला की 40 माणसांचं दिवसभराचं काम पांढरं. वाटेत एकदा एका माणसानं संशय घेऊन हट्टच धरला, आत काय आहे दाखव म्हणून. मला काही सुचेना, मी रडायला लागलो. सोडलं त्यानं.

दादरला उतरायचं आणि लोकलनं महालक्ष्मी स्टेशन गाठायचं. तिथं फेमस स्टुडिओच्या इमारतीत एडिटिंगच्या खोल्या होत्या. (अंबाबाईला कुणी महालक्ष्मी म्हटलं की माझी आई भांडायला उठायची. तिचा पोरगा महालक्ष्मीनं निघून महालक्ष्मीला उतरायचा.) चौथ्या का पाचव्या खेपेला तिथले एडिटर म्हणाले, "गाडी रात्रीची आहे ना? मग तोवर बसून काय करतोस, ते डबे नंबरानं लाव." ते जे लावायला घेतले ते 23 वर्षं लावत होतो.

आता असिस्टंट काय करतो ते ऐक. पहिली दोन वर्षं मी एकही कट मारला नाही. लॅबमधून रश प्रिंट, म्हणजे निगेटिव्हवरून काढलेली कामापुरती पॉझिटिव्ह प्रत यायची आणि आवाज वेगळ्या मॅग्नेटिक फिल्मवर यायचा. क्लॅपची फळी मिटते ती नेमकी फ्रेम चित्रात शोधायची, आवाजाच्या फितीवर "टप" कुठं होतं ते शोधायचं, दोन्हींवर पेन्सिलीनं फुली मारून जुळवायचं. प्रत्येक टेकला हे असंच. मग वहीत लिहायचं: सीन, शॉट, टेक, ओके की एन.जी. (नो गुड, म्हणजे बाद), किती फूट, काय बिघडलं. हातात सुती हातमोजे. 35 एमएमच्या एका फुटात 16 फ्रेम, सेकंदाला 24, म्हणजे मिनिटाला 90 फूट. अडीच तासांचा चित्रपट साडेतेरा हजार फूट भरतो. आम्ही वेळ फुटातच मोजायचो. अजूनही कुणी "पाच मिनिटं थांबा" म्हटलं की माझ्या डोक्यात साडेचारशे फूट येतात.

कापून काढलेल्या तुकड्याला ट्रिम म्हणायचं. तो दोन फ्रेमचा असला तरी टाकायचा नाही. कापडी पिशवी लावलेल्या चौकटीवर खिळे असत, त्यावर नंबरानं लटकवायचा. एका रात्री एडिटर म्हणाले, "हिचं बघणं सहा फ्रेम वाढवू या, दे ती ट्रिम." मिळेना. मी पिशवी उपसली, खोली झाडली, टॉर्च घेऊन जमिनीवर लोळलो. ते तोवर शांतपणे सिगारेट ओढत बसलेले. पहाटे साडेतीनला सापडली, माझ्याच बेलबॉटमच्या दुमडीत. त्यांनी ती टेपनं जोडली, मूव्हिओलावर, म्हणजे फिल्म चालवून बघायच्या मशीनवर, दोनदा पळवली आणि म्हणाले, "नको. आधीचंच बरं होतं. लाव परत खिळ्याला."

तेव्हा मनात शिव्याच आल्या होत्या. पण सहा फ्रेम म्हणजे पाव सेकंद, आणि तेवढ्यानं ती बाई प्रेमात पडल्यासारखी न दिसता संशयी दिसते हे मी त्या पहाटे डोळ्यांनी बघितलं. हे कुणी शिकवून कळत नाही. निगेटिव्ह कापायला गेली की तिथला जोड फिल्म चिकटवायच्या सिमेंटचा, त्यात लगतची फ्रेम बळी जाते, म्हणजे मागं फिरायला वाट नाही. म्हणून एवढा वेळ पॉझिटिव्हवरच घालवायचा. तुमच्या कंट्रोल-झेडनं ही धाकधूक गेली, चांगलंच झालं. माझ्या हातून एकदा रिळाचा नंबर चुकून निगेटिव्ह कटरकडं चुकीचा शॉट कापला गेला, त्या आठवड्यात मला जेवण गेलं नव्हतं.

आता वडिलांच्या प्रश्नाकडं येतो. साधारण 1984 चं असेल. कोल्हापूरकडच्याच गावात शूटिंग झालेला चित्रपट. मुलगी घर सोडून जाते आणि बाप दाराशी उभा राहतो, एवढाच प्रसंग. पावसानं शेवटचा दिवस खाल्ला, म्हाताऱ्या नटाच्या तारखा संपल्या, बापाचा क्लोजअप राहिलाच. दिग्दर्शक डोक्याला हात लावून बसले. मला वहीत एक नोंद आठवली, कारण ती मीच केली होती: "टेक 2, एन.जी., क्लॅपच्या आधी कॅमेरा चालू." तो डबा काढला. क्लॅपच्या आधी त्या नटांच्या चष्म्याची काडी फेट्यात अडकलेली, ती सोडवता सोडवता ते दाराकडं बघतायत. चहा आला का एवढंच बघत होते. हात थांबतो, काडी तशीच राहते, नजर दारावर. तीन सेकंद, साडेचार फूट. ते एडिटरना दाखवलं. त्यांनी मुलीच्या पाठीमागं ते जोडलं आणि पुढचा संवाद काढूनच टाकला.

उमा टॉकीजला मी स्वतः मागं उभा राहून बघितलं. बायका पदर लावत होत्या डोळ्यांना. मध्यंतरात ते नट मला म्हणाले, "हा शॉट मी कधी दिला रे?" मी म्हटलं, "तुम्हीच दिलाय की." त्यांना चहाचं शेवटपर्यंत सांगितलं नाही.

तर दिसलं का कुणाला? नाही. पण तो डबा कुठं आहे हे त्या इमारतीत एकट्या मला माहीत होतं. 15 हजारात तुला शिकायचंय ते हे.

आणि आवाज विसरू नकोस. कुस्तीच्या एका प्रसंगात दोन्ही नट शहरातले, शड्डू मारला की वाटायचं डास मारतायत. मी इथल्या एका तालमीत टेप घेऊन गेलो, खऱ्या पैलवानांचे शड्डू घेऊन आलो, आणि चित्राच्या दोन फ्रेम आधी बसवले. पुढं थिएटरात लोक सरसावून बसायचे. नटांचं कौतुक झालं, होऊ दे.

कडू पण सांगतो. एका चित्रपटावर आठ महिने बसलो, शेवटचे दोन हप्ते मिळाले नाहीत आणि पडद्यावर संकलक म्हणून निर्मात्याच्या भाच्याचं नाव. नाव घेत नाही, माणूस गेला आता. त्या दिवशी टॉकीजमधून पाट्या संपायच्या आत बाहेर आलो.

कोल्हापूरकरांनी तरी एडिटरला ओळखावं असं मला वाटतं. 1 जून 1929 ला प्रभात फिल्म कंपनी इथंच सुरू झाली, 1933 ला पुण्याला गेली. 'संत तुकाराम' म्हटलं की दिग्दर्शक दामले-फत्तेलाल आठवतात, दोघंही इथल्या बाबूराव पेंटरांच्या कंपनीत तयार झालेले. तुकाराम झालेले पागनीस आठवतात. 1937 ला व्हेनिसला गौरव झाला तो आठवतो. तो चित्रपट कापला ए. आर. शेख यांनी. हे नाव आपल्यातल्या किती जणांनी ऐकलंय? मुंबईत मी होतो तेव्हा वामन-गुरूंचा, म्हणजे वामन भोसले आणि गुरुदत्त शिराली या एडिटर जोडीचा दबदबा. गोव्यातून आलेला वामन भोसलेंसारखा माणूस कुठवर जातो ते बघून आमच्यासारख्यांना धीर यायचा.

2002 ला वडिलांना अर्धांगवायू झाला म्हणून मी परत आलो. तोवर कॉम्प्युटरवर एडिट करायचं ॲव्हिड सॉफ्टवेअर आलं होतं, तेही शिकलो होतो, पण खरं सांगायचं तर माउसनं कापताना हाताला काही लागायचं नाही. त्याची हौस पुढं राहिली नाही.

टाइमलाइनवाली

काका, तुमचा चष्म्याच्या काडीचा किस्सा आमच्या एडिट रूममध्ये मोठ्यानं वाचून दाखवला. पण पोराला अर्धीच गोष्ट कळेल म्हणून लिहिते. मी शाहूपुरीची, मुंबईत 9 वर्षं आहे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटला एडिटिंग केलं, म्हणजे काका म्हणतात त्या प्रभातच्याच आवारात.

अरे, काकांची ट्रिम लटकवायची ती पिशवीची चौकट, म्हणजे बिन, आता स्क्रीनवर फोल्डरसारखा असतो एवढाच फरक. सकाळी सेटवरून ड्राइव्ह येते. आधी दोन कॉपी आणि त्यांची तपासणी, मगच कार्ड परत द्यायचं. मग मोठ्या फाइलींच्या हलक्या प्रॉक्सी बनवायच्या, आवाज सिंक करायचा, मल्टिकॅम (एकाच वेळी अनेक कॅमेरे) असेल तर ग्रुप बनवायचे, सीनप्रमाणे बिन लावायचे. रिॲलिटी शो असेल तर 12-12 कॅमेरे. एडिट लॉक झालं, म्हणजे आता कट बदलायचे नाहीत असं ठरलं, की कुठला तुकडा कुठं आहे ते सांगणाऱ्या फाइली पुढं द्यायच्या: साउंडला एएएफ, कलरला एक्सएमएल किंवा ईडीएल. त्यातला एक क्लिप ऑफलाइन निघाला, म्हणजे त्याची मूळ फाइल सापडली नाही, की रात्री 2 ला फोन तुलाच. तू प्रीमिअरवर काम करत असशील, मोठ्या कामांना बहुतेक ॲव्हिड लागतं. जायच्या आधी महिनाभर त्याचे शॉर्टकट बोटांत बसव. रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरची एक आवृत्ती फुकट आहे, तीही टाकून ठेव.

काकांशी एका बाबतीत माझं जमत नाही. "नाव गेलं, होऊ दे" हे पुढच्या पोरांनी शिकू नये. कामाला हात लावायच्या आधी ईमेलवर लिहून घे: काम काय, किती महिने, पैसे कधी, आणि श्रेयनामावलीत असिस्टंट म्हणून नाव येणार का. तोंडी "अपना ही बच्चा है" म्हणणाऱ्यानं माझे पहिले 3 महिने बुडवले. 15 हजारात अंधेरीत एकट्याला खोली मिळणार नाही. आम्ही चौघी होतो, आणि एक गादी नेहमी रिकामी असायची कारण कुणीतरी नाइट शिफ्टला. घरून पहिलं वर्षभर थोडी मदत होणार असेल तरच ये. हे बोलायला लाज वाटते, पण न बोलता येणारी पोरं दिवाळीला घरी जातात ती परत येत नाहीत.

पदवीधर आहेसच, तर इन्स्टिट्यूटची प्रवेश परीक्षा एकदा देऊन बघ. तिथं 3 वर्षं चुका करायला मिळतात आणि त्या चुकांनी कुणाचा निर्माता बुडत नाही. एडिटर रेणू सलुजा तिथल्याच. 4 राष्ट्रीय पुरस्कार, 2000 साली गेल्या. आमच्या वेळी हॉस्टेलवर एडिटिंगच्या पोरी त्यांचं नाव घरातल्या मोठ्या बहिणीसारखं घ्यायच्या. घे, तुझ्या पाचातलं एक झालं.

आणि लग्नाच्या व्हिडिओला कमी समजू नकोस. ज्याला रिटेक नाही असं फुटेज तू 3 वर्षं कापतोयस. माझ्याकडं येणाऱ्या निम्म्या पोरांना ते जमत नाही.

गडहिंग्लजकर

शेवटच्या ओळीबद्दल आभारी आहे ताई. तरी ॲडव्हान्सचं माझं म्हणणं कायम.

उद्यमनगरचा पोरगा

काका, ताई, सगळ्यांचे आभार. काल रात्री जेवताना काकांचं उत्तर वडिलांना वाचून दाखवलं. रडण्याच्या किश्श्याला हसले, पुढं काही बोलले नाहीत. सहा फ्रेमचं आल्यावर मात्र घास हातात धरून विचारलं, "सहा फ्रेम म्हंजी किती?" म्हटलं पाव सेकंद. जरा वेळानं म्हणाले, "आमच्यात दोन थाऊ, म्हंजी इंचाचा हजारावा भाग दोनदा, इकडं-तिकडं झालं की जॉब भंगारात जातोय. गिऱ्हाइकाला ते बी दिसत न्हाई." मग आईकडं वळून "ताक वाढ" म्हणाले.

सकाळी न सांगता 20 हजार कपाटावर ठेवून गेले. सोमवारच्या महालक्ष्मीचं तिकीट काढलंय. काका, अजून काय घेऊ सोबत?

कात्रीवाले काका

एक वही ने. लॅपटॉपवर लिहिशीलच, पण एन.जी. का झालं ते हातानं लिहिलं की लक्षात राहतं. ताई म्हणते ते लिहून घ्यायचं लिहूनच घे, तिचं बरोबर आहे, माझं चुकलं होतं. स्वेटर ने. मे महिना असला तरी ने, एसी मशीनसाठी लावलेला असतो. दादरला गाडी फार थांबत नाही, ठाण्यालाच सामान दाराशी आणून ठेव.

आई भडंग बांधून देईल, ते खोलीवर ठेव. तेलकट हातानं मशीनला हात लावलास तर पहिल्याच दिवशी परतीच्या गाडीत बसवतील.

टाइमलाइनवाली

भडंग एडिट रूमवरच आण. आम्ही चमच्यानं खातो.